तासफुलांचा धूर

काळ वाकवणारं काहीतरी हाताशी असावं, ही माणसाची फार जुनी हाव. एच. जी. वेल्सने 1901 साली एका कथेत तसं औषध कल्पिलं. घोट घेतला की पिणाऱ्याचा वेग इतका वाढतो की भोवतीचं जग थिजल्यासारखं दिसू लागतं. फ्रँक हर्बर्टच्या 1965 सालच्या ‘ड्यून’मध्ये अराकिस ग्रहाच्या वाळवंटात एक मसाला मिळतो. तो आयुष्य लांबवतो, काहींना भविष्य दाखवतो, आणि त्याच्यापायी घराणी एकमेकांच्या जिवावर उठतात. दोन्ही कल्पना विलक्षण आहेत. पण माझ्या मनात घर करून राहिली आहेत ती मिखाएल एंडेच्या ‘मोमो’मधली तासांची फुलं. ती कुठल्या ग्रहावर उगवत नाहीत, माणसाच्या काळजात उमलतात.

‘मोमो’ ही जर्मन कादंबरी 1973 साली आली. एंडे त्या काळात इटलीत, रोमजवळ राहत होता. कथेतल्या शहराला नाव नाही, पण गावाबाहेरच्या पडक्या दगडी नाट्यगृहावर पडणारं ऊन इटलीचंच आहे. त्या पडझडीत मोमो नावाची एक अनाथ मुलगी राहते. तिला एकच गोष्ट येते, ऐकणं. ती अशी ऐकते की समोरच्याला स्वतःचंच म्हणणं पहिल्यांदा उमगतं. मग गावात करडी माणसं येतात. करडे कपडे, करडे चेहरे, हातात छोटी ब्रीफकेस आणि तोंडात कायम जळता चिरूट.

हा चिरूट म्हणजे साऱ्या पुस्तकाचं मर्म. त्यात तंबाखू नाही. माणसांकडून लुबाडलेली तासफुलं ही मंडळी जमिनीखालच्या कोठारात गोठवून ठेवतात. तिथे ती काचेसारखी कडक होतात. मग पाकळ्या खुडायच्या, करड्या पडेपर्यंत वाळवायच्या आणि त्यांचे चिरूट वळायचे. चिरूट पेटेपर्यंत पाकळीत थोडी धुगधुगी असते. धुरात तीही संपते. या धुरावरच ती माणसं टिकून असतात. चिरूट विझला की माणूसही विरून जातो, कारण त्याला स्वतःचा असा काळच नाही.

आणि ही फुलं दरोडा घालून मिळत नाहीत. मालकाला ती आपल्या हातानं द्यावी लागतात. फुसी नावाच्या न्हाव्याला असाच एक करडा माणूस आरशावर आकडे मांडून दाखवतो. सत्तर वर्षांचं आयुष्य म्हणजे 2,20,75,20,000 सेकंद. फुसी आहे बेचाळीस वर्षांचा. आठ तास झोप: गेली. बहिऱ्या म्हाताऱ्या आईशी रोज तासभर बोलणं: 5,51,88,000 सेकंद गेले. पाळलेल्या पोपटाची पाव तास देखभाल: 1,37,97,000. चाकाच्या खुर्चीत बसून वाट पाहणाऱ्या दारियाला रोज एक फूल नेऊन देणं, अर्धा तास: 2,75,94,000. सरलेल्या बेचाळीस वर्षांतून अशी वजाबाकी होत होत खाली उरतं शून्य.

हा प्रसंग मी जेव्हा जेव्हा वाचते तेव्हा घशाशी काहीतरी अडकतं. गुणाकार करून पाहा, एकही आकडा चुकलेला नाही. चुकीचा आहे तो रकाना. आई खर्चात मांडली आहे. दारिया खर्चात मांडली आहे. फुसी घाबरतो, काटकसर मान्य करतो, आईला स्वस्तातल्या वृद्धाश्रमात ठेवतो, पोपट विकून टाकतो, दारियाला सवड नसल्याचं कळवतो. वाचलेला वेळ मात्र त्याच्या हाती कधीच येत नाही. तो जितकं वाचवतो तितके त्याचे दिवस आखूड होत जातात.

मोमोला मूळ फुलं पाहायला मिळतात ती मास्टर होरा या काळाच्या रखवालदाराच्या घरी. कासिओपिया ही कासवी तिला तिथे घेऊन जाते. अर्धा तास पुढचं कासवीला आधीच दिसतं आणि पाठीवर अक्षरं उमटवून ती बोलते. त्या भागात जितकं हळू चालावं तितकं लवकर पोचता येतं. करडी माणसं मोटारी भरधाव सोडतात आणि जागच्या जागी राहतात. होरा मोमोचे डोळे झाकून तिला उचलून नेतो. डोळे उघडतात तेव्हा सोनेरी घुमटाखाली काळंभोर, निश्चल पाणी, त्यावर फिरणारा प्रचंड लंबक. लंबक काठाशी आला की पाण्यातून कळी वर येते, उमलते. लंबक दूर सरकला की कोमेजते, बुडते. मोमोला रडू कोसळतं. तेवढ्यात दुसरं फूल वर येतं, अगदी निराळं, आणि तेच सगळ्यांत सुंदर वाटतं. नंतर होरा सांगतो, ती जागा तिचंच हृदय होती.

एंडेची थोरवी मला इथे जाणवते. त्याने फुलाला अमर केलं नाही. वेल्सचं औषध किंवा हर्बर्टचा मसाला माणसाला काळावर सत्ता देऊ पाहतो. तासफुलाला सत्तेशी देणंघेणं नाही. ते कोमेजतं, म्हणून तर पुढचं उमलू शकतं. त्याला कोमेजू न देता साठवणं, थिजवणं, हीच या कथेतली चोरी. शेवटी मोमो एकच फूल हातात घेऊन कोठारापर्यंत पोचते आणि दार उघडते, तेव्हा सगळी फुलं वादळासारखी उसळून आपापल्या माणसाकडे परत जातात. कुणाच्याही नावावर ती जमा होत नाहीत. लगेच रस्त्यात थांबून गप्पा मारणारी माणसं दिसू लागतात.

पुस्तकाच्या अखेरच्या टिपणात एंडे म्हणतो, ही गोष्ट त्याला आगगाडीतल्या एका सहप्रवाशानं सांगितली. आणि ती घडून गेली असं सांगितलं काय, पुढे घडणार आहे असं सांगितलं काय, त्या प्रवाशाला दोन्ही सारखंच होतं. मला ती दोन्ही वाटते.

‘मोमो’ची प्रकरणं 21 आहेत. पुस्तक हाती आलं तर एका बैठकीत उरकू नका. रोज एक प्रकरण, घरातल्या लहान किंवा म्हाताऱ्या माणसाला मोठ्यानं वाचून दाखवा, आणि मध्येच ते माणूस दुसरंच काही सांगू लागलं तर पुस्तक मिटून ऐका.