दिवसा झाड, रात्री माणूस

पुस्तके घ्यावीत ऐन उमेदीत आणि वाचावीत निवृत्तीनंतर, असा आमचा काही संकल्प नव्हता; घडले मात्र तसेच. फोर्टच्या पदपथावरून कधी काळी घेतलेले ओलाफ स्टेपल्डन यांचे ‘स्टार मेकर’ हे इंग्रजी पुस्तक आम्ही यंदाच्या पावसाळ्यात प्रथम उघडले. १९३७ साली प्रसिद्ध झालेली ही कादंबरी. लेखक तत्त्वज्ञानाचे अभ्यासक. पहिल्या महायुद्धात त्यांनी शस्त्र हाती धरले नाही. क्वेकरांच्या रुग्णवाहिका पथकात फ्रान्समध्ये गाडी चालवली. त्यांच्या कादंबरीचा निवेदक एका रात्री टेकडीवर बसलेला असतो आणि त्याचे मन पृथ्वी सोडून दूरदूरच्या जगांत भटकू लागते. त्या जगांपैकी एक आमच्या मनातून जाईना.

आपापल्या सूर्याच्या निकट असलेल्या, आकाराने लहान आणि उन्हाने न्हाऊन निघणाऱ्या काही ग्रहांवर वनस्पती आणि प्राणी असे दोन वर्ग पडलेच नाहीत, अशी ही कल्पना आहे. तेथला प्रत्येक जीव दोन्ही आहे. वादळे आणि पूर यांमुळे तेथली जमीन रोज बदलते. म्हणून झाडांना हिंडणे शिकावे लागले, खोडापानांवर डोळे आणि कान फुटले, आणि कालांतराने बुद्धिमान वनस्पती-मानव निर्माण झाले. अंग हिरवे, त्यावर पर्णसंभार. रात्री हे लोक अगदी आपल्यासारखे: कामधंदा, भांडणतंटा, शास्त्राभ्यास. उजाडले की मुळे जमिनीत रोवायची, पाने पसरायची आणि दिवसभर उन्हात स्तब्ध उभे राहायचे. ती झोप नव्हे. भोजन आणि ध्यान तेथे एकाच वेळी चाले. रात्री ज्याला त्याला जडलेला ‘मी’ दिवसा विरघळून जाई.

शाळेत आम्ही पस्तीस वर्षे विज्ञान शिकवले असल्याने आमचा हात साहजिकच कागद-पेन्सिलीकडे गेला. माणसाच्या देहाला सरासरी शंभर वॅट शक्ती लागते; जुन्या पिवळ्या दिव्याइतकी. भर दुपारी एक चौरस मीटरवर सुमारे हजार वॅट ऊन पडते. परंतु पिके त्यातला शंभरातला जेमतेम एखादा भाग अन्नरूपाने साठवतात. म्हणजे आपण अंगभर हिरवे होऊन उन्हात पडलो, तरी गरजेचा दहावा हिस्सा पदरात पडायचा, आणि तोही ऊन असेतो. आपल्याकडचे झाड चालत नाही ते यामुळेच. चालण्याचा खर्च त्याला परवडत नाही. लेखकाने प्रखर सूर्य उगाच निवडलेला नाही. (अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर एलिसिया क्लोरोटिका नावाची एक समुद्री गोगलगाय आहे. शेवाळातले हरितकण ती आपल्या अंगात जपते आणि दिसतेही थेट पानासारखी. मात्र त्या उन्हाचा तिला खरोखर किती उपयोग होतो, याविषयी शास्त्रज्ञांत अजून वाद आहे.)

पुढच्या पानांवर यंत्रयुग येते. कारखाने दिवसाही चालू लागतात, अन्न कृत्रिम रीतीने मिळू लागते, आणि उन्हात उभे राहणे हे मागासलेपणाचे लक्षण ठरते. पोटे भरतात, मने वाळत जातात.

आमचा धाकटा गेली चार वर्षे अमेरिकेतल्या ग्राहकांसाठी रात्रपाळी करतो. सकाळी साडेसातला घरी येतो, खोलीचे जाड पडदे ओढतो आणि झोपतो. आम्ही त्याला ही गोष्ट ऐकवली, आणि ती कशासाठी ऐकवली हे त्याला कळेल अशा बेताने ऐकवली. बूट हातात धरून त्याने ती शांतपणे ऐकली.

“मग पप्पा, पुढे काय झालं त्या लोकांचं?”

“उशीर झाला आहे,” आम्ही म्हणालो, “झोप आता.”

पुढे काय झाले ते आम्हांला ठाऊक होते. यंत्रांना विटलेला तो समाज दुसऱ्या टोकाला गेला. लोक उन्हाकडे परतले ते इतक्या ओढीने, की रात्रीची कामे त्यांना नकोशी झाली. विद्या गेल्या, व्यवस्था मोडल्या, स्वतःला जगवण्याइतकी धडपडही उरली नाही. त्यांच्यावर कोणी चाल करून आले नाही. समाधानातच ती जात हळूहळू संपली.

एवढा भाग आम्ही मुलापासून का लपवला? निवृत्तीपासून सकाळची मिस्सा झाली की आम्ही ओटीवरच्या खुर्चीत अकरापर्यंत बसतो. हाती जपमाळ असते. प्रार्थना करतो असे आम्ही सांगतो, आणि बहुतांशी ते खरेही असते. त्या वेळेत आमची घरधनीण पाणी भरते, बाजार करते, मुलाचे जेवण झाकून ठेवते. मार्च महिन्यात ती गुडघ्याचा एक्स-रे काढायला एकटीच जाऊन आली. आम्हांला कळले ते तिने पाकीट कपाटावर ठेवताना. बेथानीच्या घरातली गोष्ट आम्ही आजवर नेहमी मरियेच्या बाजूने सांगत आलो. मार्थेचा गुडघा दुखत असेल का, हे काही मनात आले नव्हते.

गेल्या शनिवारी धाकट्याला सुटी होती. रात्रीच्या जेवणावर आम्ही दोघांनाही राहिलेला भाग सांगितला.

“म्हणजे मेलेच की ते सगळे!” घरधनीण म्हणाली, आणि आमटी वाढता वाढता तिने सांगितले, “गुरुवारी पुन्हा बोलावलंय डॉक्टरांनी. साडेनऊला.”

“मी येतो आई,” मुलगा म्हणाला, “झोपेन नंतर.”

“तू झोप,” आम्ही म्हणालो. “आम्ही जाऊ.”

तिने डाव तसाच हवेत धरून आमच्याकडे पाहिले. मग म्हणाली, “अहो, तिथे दोन-दोन तास बसावं लागतं.”

बसण्याची आम्हांला सवय आहे, असे आम्ही तिला सांगितले. रिक्षावाल्याला नऊची वेळ देऊन ठेवली आहे.