वय झालंय तिचं...

"वय झालंय" हे दोन शब्द हल्ली मला फार ऐकू येतात. सत्तरी ओलांडल्यावर ते ऐकू येणारच म्हणा. पण गेलं वर्षभर ते माझ्याबद्दल कमी आणि माझ्या गाडीबद्दल जास्त बोलले गेले. आणि दोघींबद्दल बोलताना लोकांचा सूर अगदी एकच असतो, ही गंमत माझ्या लक्षात आली. आज त्याबद्दलच लिहायचं आहे.

गाडी म्हणजे 1997 ची मारुती 800. एमएच-23, म्हणजे आपल्या बीडचा नंबर. ह्यांना गाडीची हौस होती आणि मला गरज, कारण शाळा गावापासून तेरा किलोमीटर. एसटीच्या वेळा शाळेच्या वेळांशी कधी जुळल्या नाहीत. शिक्षिका स्वतः गाडी चालवत येते याचं त्या काळात गावाला फार अप्रूप! ह्यांना जाऊन आता नऊ वर्षं झाली, मी अंबाजोगाईत एकटी असते, आणि माझी आक्का केजला. आठवड्यातून दोनदा तरी मी तिच्याकडे जाते. बीड शहरात रेल्वे आली तीच मुळी 17 सप्टेंबर 2025 ला, त्यामुळे आमच्या जिल्ह्यातल्या माणसाला स्वतःच्या चाकांची किंमत वेगळी सांगावी लागत नाही. गाडी गेली की माझं जाणं-येणं दुसऱ्याच्या सवडीवर येतं. हे मुलाला पुण्यात बसून कळत नाही, आणि मी त्याला दोष देत नाही.

तर 2025 च्या एप्रिलात गाडीनं कुरबुर सुरू केली. चावी फिरवली की काहीच होईना. घरघर नाही, टिक् नाही. समोरचे दिवे मात्र लख्ख. तीन-चारदा फिरवली की कधी तरी एकदम सुरू व्हायची, जणू काही झालंच नाही. उन्हात तापली की जास्त अडायची. पुढे दुसरी तक्रार आली, आणि ती जास्त भीतीदायक. केजच्या रस्त्यावर खड्ड्यातून गेलं की चालतं इंजिन क्षणभर गप्प व्हायचं, मीटरमधले दिवे लुकलुकायचे आणि पुन्हा सगळं सुरळीत. हिवाळ्यात या रस्त्यांवर उसाच्या ट्रॉल्या असतात, पुष्कळांना मागे दिवा नसतो. अंधारात अशा ट्रॉलीच्या पुढे-मागे आपली गाडी मधेच बंद पडली तर काय होईल, ते सांगायला नको.

एका गॅरेजवाल्यानं बॅटरी बदलली. आठ दिवस बरे गेले, मग पुन्हा तेच. दुसऱ्यानं सेल्फ उघडून नवे कार्बन टाकले. पुन्हा तेच. तिसरा म्हणाला, "चावीचं सोडा, डॅशबोर्डवर एक बटण बसवून डायरेक्ट वायर टाकतो." आणि तिघांच्याही बोलण्याचा शेवट एकच, "बाई, गाडीचं वय झालंय." मुलगा फोनवर म्हणाला, "आई, दिवाळीला आलो की विकून टाकू. भंगाराचे तरी पैसे येतील."

मला राग आला नाही. पण वाटलं, "वय झालंय" हे उत्तर आहे का? की प्रश्न विचारणं थांबवायची ती एक सोय आहे?

शेवटी माझा एक जुना विद्यार्थी आला. तो गाड्यांच्या वायरिंगचीच कामं करतो. शाळेत शांत मुलगा, शेवटच्या बाकावरचा. त्यानं हत्यारांची पेटी उघडलीच नाही, आधी प्रश्न विचारले. "बाई, चावी फिरवताना हेडलाईट लावून बघितला का? मंद होतो की तसाच राहतो?" तसाच राहतो. "टिक् असा आवाज?" नाही. "खड्ड्यात इंजिन गप्प होतं तेव्हा हेडलाईट जातो?" नाही, फक्त मीटरमधले दिवे जातात.

मग त्यानं समजावलं. हेडलाईट एकदम मंद झाला असता तर दोष बॅटरीत, तिच्या टर्मिनलमध्ये, नाहीतर जाम झालेल्या सेल्फमध्ये असता. टिक् वाजून सेल्फ फिरला नसता तर सोलेनॉइड आणि जाड केबल तपासायची. पण दिवा लख्ख आणि आवाज अजिबात नाही, याचा अर्थ सेल्फपर्यंत निरोपच पोचत नाही. आणि हेडलाईटची लाईन या गाडीत चावीवर अवलंबून नाही, म्हणून खड्ड्यात तो जात नाही. चावीवर चालणारं तेवढंच जातं. "दोन तक्रारी आहेत बाई, पण दोन्ही जिथं एकत्र येतात ती जागा एकच."

मी मराठी आणि इतिहासाची बाई, वीज हा माझा विषय नव्हे. पण हे मला लगेच कळलं, कारण हे तर आपलं वाक्यपृथक्करण! वाक्य चुकलं म्हणून सगळं खोडायचं नसतं. कर्ता बघा, कर्म बघा, क्रियापद बघा, आणि चूक कुठल्या शब्दात आहे तेवढं शोधा.

चावीच्या कुलपामागे एक छोटा स्विच असतो, इग्निशन स्विच. बॅटरीची एक वायर त्यात कायम जिवंत येते. चावीचं पहिलं घर लॉकचं, दुसरं रेडिओ वगैरेचं, तिसरं चालू गाडीचं. तिसऱ्या घरात इग्निशन कॉईलला आणि मीटरला वीज मिळते. चौथ्या घरात चावी दाबून धरली की सेल्फच्या सोलेनॉइडला निरोप जातो, आणि हात सोडला की चावी स्प्रिंगनं मागे येते. हे सगळं आतल्या तांब्याच्या पट्ट्या एकमेकींना टेकण्यावर चालतं. अठ्ठावीस वर्षं रोज पाच-सहा वेळा टेकायचं आणि सुटायचं, दर वेळी एक बारीक ठिणगी. त्यात आमच्याकडची धूळ आणि ऊन. त्या पट्ट्या किती काळ चकचकीत राहणार? यात गाडी बनवणाऱ्याला बोल लावण्यासारखं काही नाही.

मग तपासणी. गाडी न्यूट्रलला, हँडब्रेक ओढलेला. इंजिन एकदाचं सुरू झाल्यावर त्यानं चावी न फिरवता हलकेच डावी-उजवीकडे हलवली. मीटरचे दिवे लुकलुकले, इंजिन अडखळलं. खड्डा नव्हता, काही नव्हतं. इंजिन बंद करून स्टिअरिंगखालचं कव्हर काढलं आणि टेस्टिंग बल्ब लावला. स्विचमध्ये येणाऱ्या वायरवर बल्ब लख्ख. जाणाऱ्या वायरवर, चावी चौथ्या घरात धरली की, कधी पेटे कधी नाही. "बल्बवर पूर्ण विश्वास नाही ठेवायचा बाई, तो थोड्या करंटवरही पेटतो," म्हणत त्यानं मीटर लावला. चावी चौथ्या घरात धरली असताना स्विचच्या आधी 12.2 व्होल्ट, स्विचनंतर 8.1. स्विच चांगला असेल तर हा फरक अर्ध्या व्होल्टच्याही आत हवा. इथे चार व्होल्ट वाटेतच गळत होते. त्यानं हिशेब करून दाखवला. दहा अँपिअर करंट धरला तर चार गुणिले दहा, म्हणजे चाळीस वॅट. सोल्डरिंगच्या हत्याराएवढी उष्णता एवढ्याशा जागेत! बॅटरीचं निगेटिव्ह टर्मिनल काढून कपलर सोडवला, तर खरंच एका पिनभोवतीचं प्लास्टिक तपकिरी होऊन वितळलेलं.

कुलूप आणि स्विच हे भाग वेगळे असतात, त्यामुळे चावी तीच राहिली. नवा स्विच साडेतीनशे रुपयांचा, कपलरची जळकी पिन बदलली, आणि सेल्फच्या निरोपासाठी फ्यूजसह एक रिले बसवला. रिले असला की सेल्फचा मोठा भार स्विचवर येत नाही, स्विचनं फक्त रिलेला हाक मारायची. बटण बसवू का, असं मी मुद्दाम विचारलं. "बिनफ्यूजची वायर म्हणजे डॅशबोर्डमागे काडेपेटी ठेवणं, बाई. आणि सेल्फ बटणानं फिरला तरी चालत्या गाडीत कॉईलला वीज त्याच जळक्या स्विचमधून जाणार." म्हणजे सकाळची तक्रार गेली असती आणि रस्त्यावरचा धोका तसाच राहिला असता.

जाताना त्यानं जुडग्यातून घराच्या, गोठ्याच्या आणि कपाटाच्या चाव्या काढून माझ्या हातात दिल्या. "गाडीची चावी एकटी राहू द्या."

याचं महत्त्व मला नातवानं सांगितलं तेव्हा अंगावर काटा आला. 2014 मध्ये अमेरिकेत जनरल मोटर्सला सुमारे 26 लाख लहान गाड्या परत बोलवाव्या लागल्या होत्या, त्या याच स्विचपायी. आतली स्प्रिंग कमजोर. जड जुडग्यानं किंवा धक्क्यानं चावी चालू घरातून मागे सरकायची, इंजिन बंद, पॉवर स्टिअरिंग बंद, आणि एअरबॅगही उघडायची नाही. कंपनीच्या भरपाई निधीनं 124 मृत्यूंचे दावे मान्य केले. कंपनीनं 2006 मध्ये स्विच सुधारला होता, पण भागाचा नंबर तोच ठेवला, त्यामुळे कुणाला फरक कळेना. तो कळला एका खटल्यासाठी नेमलेल्या अभियंत्याला, जुना आणि नवा स्विच शेजारी ठेवून उघडल्यावर! आणि तोवर काय? टेक्सासमधल्या एका तरुणीच्या गाडीला 2004 मध्ये अपघात झाला, तिचा होणारा नवरा गेला. दोष चालवणारीचा ठरला, तिनं तो न्यायालयात कबूलही केला. 2014 च्या नोव्हेंबरात न्यायालयानं तिला निर्दोष ठरवलं. दहा वर्षं ती बिचारी स्वतःला काय म्हणत असेल? "चालवणाऱ्याची चूक" हेही "वय झालंय"सारखंच एक तयार उत्तर. ते हाताशी असलं की स्विच उघडून बघायचं कुणाला सुचत नाही.

आता आक्काचं सांगते, कारण हे सगळं लिहायला बसले ते तिच्यामुळेच. गेल्या पावसाळ्यात ती झोकांड्या खाऊ लागली. बोलताना शब्द हरवायचे, दुपारी उठून सकाळ झाली म्हणायची. ती ऐंशीची आहे. घरातले म्हणाले, वय झालंय. एक डॉक्टरही तसंच म्हणाले. गाडी नुकतीच दुरुस्त झाली होती, म्हणून मीच तिला घेऊन दुसऱ्या डॉक्टरांकडे गेले. त्या मुलीनं (डॉक्टरच, पण माझ्या नातीएवढी!) आधी प्रश्नच विचारले. हे कधीपासून? त्याआधी कुठली गोळी बदलली? जेवणात मीठ किती? मग रक्त तपासलं. सोडियम 135 ते 145 च्या दरम्यान हवं, आक्काचं 121. ब्लडप्रेशरसाठी सुरू केलेली लघवी वाढवणारी गोळी, वर सुनेनं काळजीपोटी जवळजवळ बंद केलेलं मीठ. दोन-तीन दिवस दवाखान्यात ठेवून सोडियम हळूहळू वर आणलं, गोळी बदलली. पंधरा दिवसांनी आक्का पेपर वाचून मलाच बातम्या सांगू लागली.

वय झालंच नव्हतं असं मी म्हणत नाही. स्विच झिजला तो वयानंच. तरुण माणसाला ती गोळी कदाचित सोसली असती. पण वय सगळीकडे सारखं होत नाही. आमच्या गाडीचं ते एका पिनपाशी झालं होतं. ती जागा शोधायची सोडून आपण सगळ्या गाडीलाच, सगळ्या माणसालाच निकालात काढतो.

या बाबतीत कायदा मला शहाणा वाटतो. खासगी गाडीची नोंदणी पंधरा वर्षांनी संपते, मग तपासणी करून पाच-पाच वर्षांसाठी वाढवून मिळते. 2022 मध्ये त्याची फी 600 वरून 5,000 रुपये झाली होती, ती खुपली खरी. आणि पंचावन्नाच्या पुढे माणसाचं लायसन्सही पाच-पाच वर्षांचंच मिळतं, डॉक्टरांच्या दाखल्यासह. म्हणजे कायदा गाडीला आणि मला एकाच नियमानं वागवतो. तुझं वय झालं, घरी बस, असं तो म्हणत नाही. ये, तपासून बघू, म्हणतो. माझी पुढची तपासणी दोन वर्षांनी आहे. डोळ्यांनी साथ दिली नाही तर मी स्वतः चावी मुलाच्या हातात देईन, कुरकुर न करता. पण तपासून. मुलालाही हे सांगितलं. दिवाळीत तो आला, गाडी घेऊन केजला जाऊन आला आणि विकायचं काही बोलला नाही.

असो. तुमच्याकडे कुणी जुनी गाडी असेल तर चावीच्या जुडग्याचं वजन आजच कमी करा. आणि तुमच्या घरी कुणी आक्का असेल आणि गेल्या महिन्या-दोन महिन्यांत ती एकाएकी बदलली असेल, तर "वय झालंय" म्हणण्याआधी तिच्या गोळ्यांचा डबा घेऊन एकदा डॉक्टरांकडे जाऊन या.