नसलेल्या ग्रहाचा जाच

लग्नाची बोलणी जवळजवळ ठरत आलेली असतात. मुलगा-मुलगी एकमेकांना पसंत, घराणी तोलामोलाची, देण्याघेण्याची कटकट नाही. तेवढ्यात कुणी जाणते माणूस हळूच म्हणते, "बाकी सगळं छान आहे हो, पण मुलीच्या सप्तमात राहू आहे!" झाले. चहाचे कप तसेच राहतात आणि 'कळवतो' असे सांगून मंडळी उठतात.

शनी-मंगळ निदान आकाशात बोट करून दाखवता तरी येतात. राहू मात्र जगातल्या कुठल्याही दुर्बिणीतून आजवर कुणी पाहिलेला नाही, पुढेही कुणाला दिसणार नाही. कारण त्या जागी पाहण्यासारखे काही नाहीच!

त्याची गोष्ट मात्र मोठी रंगतदार आहे. समुद्रमंथनानंतर मोहिनी देवांना अमृत वाढत असताना एक असुर वेष पालटून पंगतीत बसला. सूर्य-चंद्राने चहाडी केली, विष्णूने सुदर्शन चक्राने त्याचे मस्तक उडवले. पण अमृताचा घोट घशात गेला होता. त्यामुळे शिराचा राहू आणि धडाचा केतू झाला. तेव्हापासून तो सूर्य-चंद्राला गिळून सूड उगवतो आणि तुटलेल्या गळ्यातून ते पुन्हा बाहेर पडतात. भरदुपारी अंधारून येताना पाहून ज्याने ही कथा रचली, त्याच्या कल्पनाशक्तीला दादच द्यायला हवी.

आपल्या ज्योतिर्विदांनी या कथेतले नाव उचलले आणि त्याला गणित शिकवले. आकाशात सूर्याचा एक मार्ग दिसतो, चंद्राचा दुसरा. हे दोन मार्ग एकमेकांशी सुमारे पाच अंशांचा कोन करतात आणि समोरासमोरच्या दोन बिंदूंत छेदतात. अमावास्या किंवा पौर्णिमा या बिंदूंच्या जवळ घडली तरच ग्रहण लागते. त्यातला एक बिंदू राहू, दुसरा केतू. हे बिंदू उलट्या दिशेने सरकत साधारण १८.६ वर्षांत एक फेरी पुरी करतात. पंचांगातला राहू नेहमी वक्री का असतो, केतू सदैव त्याच्यासमोरच का असतो आणि एका राशीत तो दीड वर्षाच्या आसपास का राहतो, याचे उत्तर हे एवढेच आहे.

इ. स. ४९९ च्या सुमारास आर्यभटाने स्पष्ट लिहिले की, चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची छाया चंद्राला झाकते. वराहमिहिरानेही ग्रहणाचे खरे कारण छायाच मानले. ब्रह्मगुप्ताने इ. स. ६२८ मध्ये मात्र धर्मग्रंथांचा मान राखण्यासाठी राहूची बाजू घेतली. गणित केले ते सावलीचेच! अकराव्या शतकात हिंदुस्थानविषयी ग्रंथ लिहिणाऱ्या अल् बिरुनीला ही दुहेरी चाल खटकली, आणि त्याने ती नोंदवून ठेवली.

नसलेला ग्रह मानण्यात कमीपणा नाही. विज्ञानानेही तसा एक मानला होता. युरेनसच्या चालीतल्या गडबडीवरून फ्रान्सच्या ल व्हेरिए याने एका अज्ञात ग्रहाची जागा कागदावर काढली आणि २३ सप्टेंबर १८४६ च्या रात्री बर्लिनच्या वेधशाळेत नेपच्यून जवळजवळ तिथेच सापडला. पुढे बुधाच्या कक्षेचाही हिशेब जुळेना. फरक अगदी किरकोळ, शतकाला ४३ विकला. विकला म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग. १८५९ मध्ये ल व्हेरिएने पुन्हा तोच तोडगा काढला. सूर्य आणि बुध यांच्यामध्ये काहीतरी असले पाहिजे! त्याच वर्षी एका खेड्यातल्या डॉक्टरने सूर्यबिंबावरून काळा ठिपका सरकताना पाहिल्याचे कळवले. ग्रहाचे बारसेही झाले. रोमन अग्निदेवतेवरून नाव ठेवले 'व्हल्कन'.

मग वर्षानुवर्षे शोध चालला. १८७८ च्या खग्रास सूर्यग्रहणात अमेरिकेतल्या दोघा निरीक्षकांनी तो दिसल्याचे सांगितले, पण इतरांना काही दिसले नाही. अखेर नोव्हेंबर १९१५ मध्ये आइनस्टाइनने गुरुत्वाकर्षणाचा नवा सिद्धान्त मांडला आणि ते ४३ विकला कुठल्याही नव्या ग्रहाशिवाय जुळले. व्हल्कनची गरज संपली, तसे खगोलशास्त्राने त्याचे नाव यादीतून काढून टाकले. त्यासाठी कुणाला शांत करावी लागली नाही!

राहूचे काम मात्र केव्हाच संपले, तरी मुक्काम हलला नाही. दिवसाचे आठ भाग करून त्यातला एक 'राहूकाळ' म्हणून बाजूला ठेवतात, आणि तो भाग वाराप्रमाणे बदलतो. चंद्राच्या कक्षेला सोमवार-मंगळवार कुठून कळणार?

हे सारे गमतीवारी नेता आले असते. पण ग्रहणाचे वेध लागले की घरातल्या गरोदर सुनेला अंधाऱ्या खोलीत बसवतात. विळी-सुरीला हात लावायचा नाही, खायचे नाही, पाणीही प्यायचे नाही. का, तर बाळाचा ओठ फाटेल! बाळाचा ओठ घडतो तो गरोदरपणाच्या चौथ्या ते सातव्या आठवड्यात. दुभंगलेल्या ओठामागे आनुवंशिकता आणि इतर काही कारणे असतात. सहाव्या महिन्यात चिरलेल्या भेंडीचा त्याच्याशी संबंध नाही. उलट तासन् तास पाण्यावाचून राहण्याचा त्रास मात्र खरा असतो. आणि चुकून तसे मूल जन्मले, तर डॉक्टर शस्त्रक्रियेने ओठ नीट करतात. पण 'ग्रहण पाळलं नाहीस' हा ठपका आईच्या कपाळी जन्मभर राहतो.

ग्रहणात एक पथ्य खरेच पाळावे. सूर्याकडे उघड्या डोळ्यांनी पाहू नये, खास चष्मा वापरावा. २४ ऑक्टोबर १९९५ ला राजस्थानपासून बंगालपर्यंत खग्रास ग्रहणाचा पट्टा गेला, तेव्हा हजारो माणसांनी तो सोहळा मुद्दाम प्रवास करून पाहिला.

'दे दान, सुटे गिराण' अशी हाळी गल्लीतून येते, तेव्हा सावली आपल्या गणिताप्रमाणे सरकतच असते. आतल्या खोलीतल्या तहानलेल्या सुनेला पाण्याचा पेला देण्यासाठी मात्र घरातल्याच कुणीतरी उठावे लागते.