सोळा मिलिसेकंदांचा हिशेब

आजकाल कन्सोलवर कोणताही मोठा गेम सुरू केला, की सेटिंगमध्ये एक प्रश्न हमखास भेटतो: ‘क्वालिटी’, म्हणजे जास्त तपशील, हवी की ‘परफॉर्मन्स’, म्हणजे जास्त वेग? पन्नास हजारांचं यंत्र, त्याला जोडलेला जवळपास तेवढ्याच किमतीचा टीव्ही, आणि तरी दोन्हींतलं एकच मिळणार! नागपुरात सीताबर्डीच्या शोरूममध्ये धनत्रयोदशीच्या सुमारास टीव्ही पाहायला जाणाऱ्याला हा प्रश्न कोणी विचारत नाही. तिथे भिंतभर ‘फोर-के’ झळकत असतं आणि गिऱ्हाईक इंच मोजत असतं.

मी ग्राफिक्स प्रोग्रॅमर आहे. गेमचं चित्र वेळेत तयार होत नसेल, तर वेळ कुठे जातो ते शोधायचं आणि तो छाटायचा, हे माझं काम. त्यामुळे दिवाळीच्या आधी नात्यातली पोरं सल्ला विचारायला येतात. ‘मामा, फोर-के घेऊ ना?’ यावर मी विचारतो, ‘तुमच्या हॉलमध्ये सोफा टीव्हीपासून किती फुटांवर आहे?’ पोरांना वाटतं, मामा विषय टाळतो आहे. पण खरं उत्तर तिथूनच सुरू होतं.

आधी आकडे पाहू. पडद्यावरचं चित्र ठिपक्यांचं, म्हणजे पिक्सेलचं बनतं. ७२०पी म्हणजे १२८० गुणिले ७२०, सुमारे सव्वानऊ लाख ठिपके. १०८०पी म्हणजे सुमारे २१ लाख. फोर-के म्हणजे ३८४० गुणिले २१६०, जवळजवळ ८३ लाख. १०८०पीच्या बरोबर चौपट. आता वेळ. सेकंदाला ३० चित्रं दाखवायची, तर एका चित्राला ३३.३ मिलिसेकंद मिळतात. ६० दाखवायची, तर १६.७. आमच्या धंद्यात याला फ्रेम बजेट म्हणतात. प्रत्येक ठिपक्याचा रंग, त्यावरचा उजेड, सावली, धूर, पाण्यातलं प्रतिबिंब, सगळं त्या वेळेत बसवायचं. लग्नाच्या पंगतीत पानं चौपट मांडली आणि वाढपी तेवढेच ठेवले, तर पंगत उठायला वेळ लागणारच. फोर-केचं गणित तेच आहे.

मात्र सगळं काम ठिपक्यांचं नसतं. पात्रं कुठे चालली आहेत, कोण कोणावर आदळलं, बाजारातल्या गर्दीत कोण काय करतं, हे मुख्य प्रोसेसर ठरवतो. पडदा लहान असो की मोठा, ते काम तेवढंच राहतं. मार्च २०२४ मध्ये आलेला ‘ड्रॅगन्स डॉग्मा २’ हा गेम खेळाडू शहरात शिरला की अडखळायचा. प्रत्येक पात्रामागे प्रोसेसरची बरीच शक्ती खर्च होते, असं तो बनवणाऱ्या कॅपकॉमनेच सांगितलं होतं. अशा ठिकाणी रेझोल्यूशन निम्मं केलं, तरी गेम दुप्पट वेगाने चालत नाही. ‘ग्राफिक्स कमी कर, लॅग जाईल’ हा मित्रांचा सल्ला म्हणूनच निम्म्या वेळा खरा ठरतो.

ही ओढाताण आजची नाही. आपल्याकडची जुनी टीव्ही पद्धत ६२५ रेषांची आणि ५० हर्ट्झची होती. जपान-अमेरिकेची ५२५ रेषांची आणि ६० हर्ट्झची. तिकडच्या ६०च्या ठोक्यावर बांधलेला गेम नीट न जुळवता ५०वर चालवला, की सहाव्या हिश्श्याने मंद व्हायचा, संगीतसुद्धा रेंगाळायचं. आपल्याला रेषा जास्त मिळाल्या, पण चाल हरवली. रेझोल्यूशन आणि वेग यांच्यातला सौदा तेव्हाही होता, फक्त तो खेळणाऱ्याला विचारून होत नव्हता.

पुढे एचडीचा जमाना आला आणि खोक्यांवर मोठमोठे आकडे छापले जाऊ लागले. २००७ साली ‘हेलो ३’ आला, तेव्हा चिकित्सक मंडळींनी चित्र थांबवून ठिपके मोजले. ते ११५२ गुणिले ६४० निघाले, म्हणजे ७२०पीसुद्धा नाही. बंजी या स्टुडिओने ते मान्य केलं आणि कारण सांगितलं: अंधार-उजेडाचा मोठा पल्ला टिपण्यासाठी ते प्रत्येक चित्र दोन थरांत साठवत होते, आणि त्यासाठी ठिपके कमी केले. माझ्या मते तो निर्णय योग्य होता. खेळताना लोकांनी त्या उजेडाचं कौतुक केलं. हरवलेल्या ऐंशी ओळी मोजणाऱ्यांनाच दिसल्या.

२०१३ मध्ये भांडण आणखी पेटलं. ‘कॉल ऑफ ड्यूटी: घोस्ट्स’ पीएस ४वर १०८०पी आणि एक्सबॉक्स वनवर ७२०पी चालतो हे कळल्यावर जगभरचे चाहते एकमेकांवर तुटून पडले. २०१४ मध्ये तर प्रकरण कॅलिफोर्नियाच्या न्यायालयात गेलं. ‘किलझोन: शॅडो फॉल’च्या मल्टिप्लेअरमध्ये दर फ्रेमला ९६० गुणिले १०८० एवढेच ठिपके नव्याने काढले जात, उरलेले आधीच्या फ्रेमवरून हिशेबाने भरले जात. याला १०८०पी म्हणायचं का, यावर सोनीविरुद्ध दावा दाखल झाला.

त्या दाव्यातली युक्ती आज जवळपास सगळ्या गेममध्ये आहे, आणि तिला आता कोणी फसवणूक म्हणत नाही. मागच्या चित्रातली माहिती आणि प्रत्येक ठिपका कुठून कुठे सरकला याची नोंद घेऊन लहान चित्राचं मोठं चित्र केलं जातं. एएमडीचं एफएसआर, एनव्हिडियाचं डीएलएसएस, सोनीचं पीएसएसआर ही त्याचीच रूपं. शिवाय ‘डायनॅमिक रेझोल्यूशन’ असतं: स्फोट झाला, धूर दाटला, की गेम क्षणभर ठिपके कमी करतो आणि दृश्य निवळलं की वाढवतो. म्हणून टीव्हीच्या कोपऱ्यात ‘फोर-के’ उमटलं, तरी ते फक्त केबलमधून आलेल्या चित्राचं माप असतं. आत ते १२००पी वर काढलेलं असू शकतं. ही युक्ती फसते तेव्हा चेहऱ्यामागे पुसट सावली ओढली जाते, तारांचं कुंपण चमचमतं, पावसाचे थेंब विरघळतात. अशी खूण दिसली, की आत ठिपके कमी आहेत हे ओळखावं.

या सगळ्या हिशेबाचं महाराष्ट्रातलं उदाहरण म्हणजे पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या छोट्या स्टुडिओचा ‘राजी: अॅन एन्शंट एपिक’. अपहरण झालेल्या भावाला शोधायला निघालेल्या मुलीची ही कथा. हवेल्या, जाळ्या, भित्तिचित्रं यांनी भरलेलं जग त्यांनी अनरियल इंजिन ४वर उभं केलं. १८ ऑगस्ट २०२० रोजी तो सर्वांत आधी निन्टेंडो स्विचवर आला. ऑक्टोबरमध्ये पीएस ४, एक्सबॉक्स वन आणि पीसीवर. त्या वर्षीच्या ‘द गेम अॅवॉर्ड्स’मध्ये सर्वोत्तम पदार्पणाच्या यादीत त्याला नामांकन मिळालं. गंमत म्हणजे, ज्या स्विचवर तो पहिल्यांदा आला, तो कन्सोल निन्टेंडो भारतात अधिकृतपणे विकतच नव्हता.

स्विच हा आमच्या धंद्यातला सगळ्यात कडक परीक्षक. हातात धरला की ७२०पीचा छोटा पडदा. डॉकमध्ये ठेवला की टीव्हीवर १०८०पीपर्यंत. ठिपके सव्वादोन पट होतात, आणि डॉकमध्ये ग्राफिक्स चिपचा वेगही साधारण दुप्पट होतो. म्हणजे निन्टेंडोने हा हिशेब यंत्रातच घालून ठेवला. ‘राजी’मध्ये कॅमेरा खेळणाऱ्याच्या हातात नाही; तो बनवणाऱ्यांनी लावलेला आहे. काही समीक्षकांना ते खटकलं. पण ऑप्टिमायझेशन करणाऱ्या माणसाला यातली सोय लगेच कळते: कोणत्या क्षणी काय दिसणार हे आधीच ठाऊक असलं, तर न दिसणाऱ्या भिंतीमागे एक मिलिसेकंदही घालवावा लागत नाही. तो वाचलेला वेळ दिसणाऱ्या वास्तूवर लावता येतो. लहान यंत्रावर भव्य देखावा उभा करायचा, तर तांत्रिक निर्णय असे डिझाइनपासूनच घ्यावे लागतात.

आता सोफ्याचं अंतर. निरोगी डोळ्याला साधारण एका कलेएवढा, म्हणजे अंशाच्या साठाव्या भागाएवढा, तपशील वेगळा दिसतो. ४३ इंची टीव्हीवर १०८०पीचा एक ठिपका अर्ध्या मिलिमीटरचा असतो. गणित केलं तर साडेपाच फुटांपलीकडे तो शेजारच्या ठिपक्यात मिसळतो. ५५ इंचीसाठी हे अंतर सात फुटांच्या आसपास येतं. आपल्या फ्लॅटच्या हॉलमध्ये सोफा आठ-दहा फुटांवर असतो. तिथून स्थिर चित्रात १०८०पी आणि फोर-के यांतला फरक डोळ्याला कळणं अवघडच. हलत्या चित्रातल्या दातेरी कडा आणि चमचम मात्र दुरूनही जाणवते, म्हणून जास्त ठिपके अगदीच वाया जात नाहीत. पण खर्च चौपट आणि फायदा एवढासाच, हे लक्षात ठेवायला हवं.

वेगाचा फायदा मात्र दहा फुटांवरूनही तेवढाच राहतो. क्रिकेटचा गेम घ्या. ताशी १४० किलोमीटरचा चेंडू एका क्रीझपासून दुसऱ्या क्रीझपर्यंतचे ५८ फूट अर्ध्या सेकंदाच्या आत पार करतो. ३०च्या दराने त्या प्रवासाची जेमतेम चौदा चित्रं दिसतात, ६०च्या दराने सत्तावीस. ३०वर दोन चित्रांमध्ये चेंडू सव्वा मीटरहून जास्त सरकलेला असतो. त्यात बटण दाबल्यापासून पडद्यावर बॅट हलेपर्यंत काही फ्रेम जातातच. फ्रेम जितकी लांब, तितका तो उशीर मोठा. सोनीच्या कन्सोलचे मुख्य शिल्पकार मार्क सर्नी यांनी सप्टेंबर २०२४ मध्ये सांगितलं, की निवड करायची वेळ आली तर सुमारे तीन चतुर्थांश खेळाडू परफॉर्मन्सच निवडतात. हे सांगताना ते ज्या पीएस ५ प्रोची ओळख करून देत होते, तो त्या नोव्हेंबरात आला तेव्हा भारतात विकला गेला नाही. त्यातल्या वायफायला लागणारा ६ गिगाहर्ट्झचा पट्टा आपल्याकडे तेव्हा खुला झालेला नव्हता. म्हणजे ही निवड टाळू पाहणारं यंत्रच इथे नव्हतं; आपल्याला निवड करण्यावाचून सुटका नव्हती.

यात एक मधला रस्ता आहे. ४० फ्रेमच्या दराने एका चित्राला २५ मिलिसेकंद मिळतात. वेळेच्या हिशेबात हे ३० आणि ६०च्या बरोबर मध्ये येतं. १२० हर्ट्झच्या टीव्हीवर प्रत्येक चित्र तीन वेळा दाखवलं की ते चपखल बसतं. ‘रॅचेट अँड क्लँक: रिफ्ट अपार्ट’मध्ये ही सोय नंतर अपडेटने आली आणि हळूहळू इतरांनी उचलली. ६० हर्ट्झच्या टीव्हीवर मात्र ६०ला ४०ने भाग जात नाही आणि चाल लंगडते.

नागपूरकरांचा एक प्रश्न हटकून येतो: मे महिन्यात पारा पंचेचाळिशीपलीकडे गेला, की गेम मंदावतो का? मोबाइलवर मंदावतो, फोन तापला की चिप स्वतःचा वेग कमी करते. पीएस ५ची रचना वेगळी आहे. खोली किती तापली आहे हे न पाहता, चिप किती काम करते आहे त्यावरून तिचा वेग ठरतो. त्यामुळे नागपुरातल्या आणि नॉर्वेतल्या पीएस ५वर फ्रेम सारख्याच पडतात; इथे फक्त पंखा जास्त ओरडतो, आणि मर्यादा ओलांडली तर यंत्र इशारा देऊन बंद पडतं. कंपनीने दिलेली तापमानाची मर्यादा ३५ अंशांची आहे. आपली उन्हाळ्यातली दुपार ती सहज ओलांडते. शिवाय यंत्र नेहमी अवघड दृश्यातच तापतं असंही नाही. ‘होरायझन’ गेममध्ये नकाशाचा साधा पडदा उघडला की आपला पीएस ४ प्रो फार तापतो, असं सर्नी यांनीच मार्च २०२० मध्ये सांगितलं होतं. म्हणून उन्हाळ्यात कन्सोल टीव्हीच्या बंद कप्प्यात कोंबू नका, आणि कूलरच्या ओल्या झोतातही ठेवू नका.

शेवटी दिवाळीच्या खरेदीबद्दल. ‘एट-के’ या शब्दाला भुलून एक रुपयाही जास्त देऊ नका. पीएस ५च्या खोक्यावर तो शब्द वर्षानुवर्षं छापला होता आणि खेळणाऱ्यांच्या वाट्याला तो जवळपास कधीच आला नाही. बजेट मर्यादित असेल तर दोन-चार इंच कमी घ्या, पण १२० हर्ट्झचा पॅनेल आणि व्हीआरआर (गेमच्या वेगाप्रमाणे पडद्याचा ठोका बदलण्याची सोय) असलेला एचडीएमआय २.१ पोर्ट आहे का, ते विचारा. विक्रेत्याला सांगता आलं नाही, तर मॉडेल नंबर घेऊन घरी तपासा. टीव्ही आणल्यावर ‘गेम मोड’ आठवणीने सुरू करा. तो बंद असेल तर टीव्ही स्वतःचं चित्रसुधारणेचं काम मध्ये घुसवतो आणि बॅट उशिरा फिरते. निवांत फिरण्याचे, कथा पाहण्याचे गेम असतील तर क्वालिटी खुशाल ठेवा. क्रिकेट, फुटबॉल, गाड्यांच्या शर्यती आणि मारामारी यांसाठी मात्र माझा कौल ठाम आहे: परफॉर्मन्स निवडा, आणि ठिपके मोजायचं काम आमच्यावर सोडा.