लोणारचं पाणी आणि रिळाचा रंग

जून 2020 मध्ये लोणार सरोवराचं पाणी गुलाबी झालं आणि बुलढाणा जिल्ह्यातलं हे खारं तळं पुन्हा बातम्यांत झळकलं. पाणी आटलं, खारटपणा वाढला, त्यात हॅलोआर्किया हे सूक्ष्मजीव फोफावले आणि त्यांच्या रंगद्रव्याने पाणी रंगलं, असं पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेच्या तपासणीतून पुढे आलं. आता समजा, लोणारवर माहितीपट करणाऱ्या कुणाला सत्तरच्या दशकातलं ईस्टमनकलर चित्रण मिळालं. त्यातही पाणी गुलाबीच दिसण्याची शक्यता मोठी. फक्त आभाळ, बेसॉल्टचे कडे आणि काठावरची देवळंही त्याच रंगात न्हालेली असतील. त्या काळच्या रंगीत प्रिंटमधला निळसर सायन रंग आधी विटतो, किरमिजी मागे उरतो. हे ठाऊक नसलेला संकलक तो शॉट 2020च्या शॉटला जोडून मोकळा होईल आणि ‘तळं तेव्हाही गुलाबी होतं’ असा खोटा पुरावा पडद्यावर येईल, तोही कुणाच्या मनात खोट नसताना.

म्हणून संकलक या नात्याने माझं म्हणणं असं, की रीळ आणि रिळाची नोंद एकत्रच जपायला हवी. चित्रण कधीचं, कुठलं, कोणत्या फिल्मवरचं आणि नंतर त्यावर काय काय केलं, हे कळत नसेल तर प्रेक्षकाला तसं सांगावं. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चे तुकडे दाखवताना आपण खाली सर्रास 1913 लिहितो. फाळक्यांनी हा चित्रपट 1917 मध्ये पुन्हा बनवला होता, आणि उरलेली रिळं त्या दुसऱ्या खेपेची असावीत, असं अनेक अभ्यासक मानतात. (पी. के. नायर यांनी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासाठी अशी रिळं हुडकली नसती, तर वाद घालायलाही काही उरलं नसतं.) वेगाचंही तेच. सेकंदाला 16 चौकटींनी टिपलेला मूकपट 24च्या गतीने चालवला, की माणसं दीडपट वेगाने पळतात आणि जुनी माणसं उगाच विनोदी ठरतात.

यावर आक्षेप येतो, की ओरखडे पडलेलं, विटलेलं चित्रण आजची पोरं बघत नाहीत. पीटर जॅक्सनने 2018 मध्ये पहिल्या महायुद्धाच्या चित्रणात रंग आणि आवाज भरला तेव्हाच ते लोकांपर्यंत पोचलं. मान्य. विटलेला रंग सुधारायला माझीही हरकत नाही, तो तर सुधारावाच. मात्र मूळ स्कॅन जसाच्या तसा वेगळा राहावा आणि फेरफार पडद्यावर सांगितलेला असावा. एवढ्याने प्रेक्षक पळत नाही.

दुसरा आक्षेप खर्चाचा: जिल्ह्याच्या गावी कुठली आलीत वातानुकूलित दालनं? पण जिल्ह्यांतलं बरंचसं चित्रण रिळांवर नाहीच, ते व्हीएचएस कॅसेटींवर आहे. लग्नं, मिरवणुका, शाळांची स्नेहसंमेलनं. त्यांच्या फितीला बुरशी लागते, चुंबकीय लेप सुटतो. आणि व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या मोठ्या कंपनीने 2016 मध्येच उत्पादन थांबवलं. तेव्हा चालू यंत्र हाती आहे तोवर कॅसेट संगणकावर उतरवून घ्यावी, दोन वेगळ्या ठिकाणी ठेवावी. त्याआधी तिच्या पाठीवरच्या चिठ्ठीचा फोटो काढावा. तिथे ‘वरात – भाग 2’ एवढंच लिहिलेलं असेल, तर कुणाची, कुठल्या गावची, कुठल्या साली, हे सांगू शकणाऱ्या घरच्या वडीलधाऱ्यांना शेजारी बसवूनच ती लावावी.