हरण्याची मुभा

शाळेत फोटोग्राफर येतो त्या दिवशी कोणीच स्वतःसारखं दिसत नाही. ‘फ्रीक्स अँड गीक्स’ या अमेरिकी मालिकेची नामावली नेमकी याच दिवसाची आहे. मागे पडदा, पुढे कॅमेरा आणि एकेक मुलगा, एकेक मुलगी येऊन बसते. कोणी ओठ घट्ट मिटतं, कोणी गरजेपेक्षा जास्त हसतं, कोणी बेफिकीर दिसायची शिकस्त करतं. पाठीमागे जोन जेटचं गाणं दणाणत असतं: बदनामीची पर्वा कोणाला? समोर बसलेल्या प्रत्येकाला पर्वाच पर्वा.

२५ सप्टेंबर १९९९ रोजी एनबीसी वाहिनीवर ही मालिका सुरू झाली. पॉल फीग यांनी ती रचली आणि जड अपाटो यांनी निर्मिती सांभाळली. काळ १९८०-८१चा, गाव डेट्रॉइटजवळचं एक काल्पनिक उपनगर. तिला सिटकॉम म्हणताना जीभ जरा अडखळते, कारण भाग तासाभराचे आणि मागून कोणी हसून दाखवत नाही. कुठे हसायचं ते आपलं आपण ठरवायचं, आणि बऱ्याचदा ते ठरतच नाही.

वेळ दिली होती शनिवारी रात्री आठची. शनिवारी रात्री आठला घरात बसलेलं पोर म्हणजे ज्याला कोणी कुठे बोलावलेलं नाही ते. म्हणजे प्रेक्षक अगदी योग्य होता, फक्त जाहिरातदारांना तो पुरेसा नव्हता. मधेच बेसबॉलच्या वर्ल्ड सिरीजने खंड पाडला. १८ भाग तयार झाले, त्यातले १२ दाखवून वाहिनीने गाशा गुंडाळला. उरलेले पुढे जमेल तसे दाखवले गेले. शेवटचे तीन तर दुसऱ्याच वाहिनीवर.

बंद पडण्याचं कारण म्हणून प्रेक्षकसंख्येकडे बोट दाखवणं सोपं आहे. पण वाहिनीची एक तक्रार सुरुवातीपासून होती, आणि मला ती फार बोलकी वाटते: या मुलांना जरा जिंकू द्या. अधूनमधून एखादा विजय, एखादी टाळी. फीग आणि अपाटो बधले नाहीत. बधणार तरी कसे? त्यांनी लेखकांना प्रश्नावल्याच भरायला दिल्या होत्या: शाळेत तुमची सगळ्यात वाईट फजिती कोणती झाली? त्या उत्तरांतून कथा निघाल्या. आता कोणाच्या खऱ्याखुऱ्या फजितीला शेवटी टाळी कुठून जोडायची?

सॅम वीअरचा सूट पाहा. चौदा वर्षांचं, अंगापिंडाने बारकं पोर. दुकानदाराच्या गोड बोलण्याला भुलून एक अखंड, फिकट निळा, डिस्को थाटाचा सूट घेतं आणि तो घालून शाळेत येतं. कॉरिडॉरमधली पहिली काही पावलं काय ऐटीत! मग आजूबाजूच्या माना वळायला लागतात. चाल तीच असते, फक्त तिच्यातली हवा जाते. सूट अंगावर आहे आणि दिवस अख्खा उरलाय. हा प्रसंग खुद्द फीग यांच्या शाळकरी दिवसांतला, म्हणूनच त्यात कुठे अतिशयोक्ती नाही. अतिशयोक्ती असती तर आपण सुटलो असतो.

तिकडे मैदानावर भिडू निवडताना ही पोरं नेहमी शेवटी उरतात. आपल्याकडे लंगडी-खोखोत लिंबूटिंबूला निदान खेळायला घेतात, बाद झाला तरी चालवून घेतात. यांना तेवढीही सवलत नाही. चष्मेवाला उंच बिल हावरचक एकदा मोठ्या खटपटीने मनासारखी जागा मिळवतो, आणि उडालेला चेंडू चक्क झेलतो. सगळे मित्र धावत येऊन त्याला मिठ्या मारतात, उड्या मारतात. पण बाद एकच गडी झालाय, डाव चालू आहे. यांचा जल्लोष संपेपर्यंत समोरचे धावा काढून मोकळे. वाहिनीने मागितलेला विजय हा असा मिळाला, आणि माझ्या मते टीव्हीवर याहून खरा विजय मी पाहिलेला नाही.

हाच बिल एका दुपारी एकटा घरी येतो. स्वतःच चीज सँडविच भाजून घेतो, टीव्हीसमोर बसतो. पडद्यावर विनोदवीर गॅरी शँडलिंग. आपल्याला त्याचं बोलणं ऐकू येत नाही, वर गाणं चालू असतं. दिसतो तो फक्त बिल, तोंडात घास असताना हसून हसून वाकडा झालेला. कोणी संवाद लिहिला असता तर त्यात एकटेपणा हा शब्द नक्की आला असता. इथे नुसतं सँडविच आहे. पुढे विनोदाचाच धंदा करणाऱ्या माणसांनी शाळेच्या दिवसांत दुपारी काय केलं असेल, ते कळायला हे एवढं पुरतं.

गंडांतर येणार हे अपाटो यांनी ओळखलं होतं, म्हणून शेवटचा भाग आधीच चित्रित करून ठेवला. त्यातही कोणाचं काही फत्ते होत नाही. सॅमची हुशार बहीण लिंडसे विद्यापीठातल्या मानाच्या शिबिराला निघते आणि परस्पर मैत्रिणीबरोबर गाण्याच्या मैफिलींमागे भटकायला पळते. शाळेतला देखणा, टगा डॅनियल शिक्षा म्हणून या बावळटांच्या कंपूत येऊन पडतो आणि त्यांच्यासोबत फासे टाकून खेळायच्या कल्पनेतल्या लढायांत बुटक्या योद्ध्याचं सोंग घेतो. खेळ असा रंगतो की उद्या पुन्हा बसू या, असं तोच म्हणतो.

पोरं चकित. आता तो आपल्यासारखा बावळट झाला, की आपण त्याच्यासारखे रुबाबदार झालो? त्यांच्यातला एक दुसरा पर्याय निवडतो.