उघड्यावरचे गुपित

धर्मसंस्थेच्या पोटात दडलेले रहस्य आणि ते दडवून ठेवणारा कट या आशयसूत्रावर उभ्या असलेल्या चित्रपटांचा विचार होतो, तेव्हा समीक्षेचे लक्ष बहुधा रहस्याच्या स्वरूपाकडे जाते. ते रहस्य नेमके कोणापासून लपवलेले आहे, हा प्रश्न मागे पडतो. वास्तविक या चित्रप्रकाराचा रूपबंध ठरतो तो या दुसऱ्या प्रश्नाने. जे पात्रांपासून आणि प्रेक्षकापासूनही लपवलेले असते, त्याची एक रचना होते. जे पात्रांपासून लपवलेले असते, पण प्रेक्षकाला पहिल्या रिळापासून दिसत असते, त्याची दुसरी. पहिल्या रचनेत प्रेक्षक शोधक होतो, दुसरीत साक्षीदार. साक्षीदारावर जी जबाबदारी येते ती शोधकावर येत नाही, आणि म्हणूनच हा भेद केवळ तंत्राचा राहत नाही.

हा भेद पुस्तकातून न येता एखाद्याच्या पाहण्यातून कसा घडत जातो, हे पेठ वडगाव येथील एका निवृत्त शिक्षकाच्या उदाहरणावरून समजू शकते. वडगाव हे वारणेच्या खोऱ्यातले बाजारपेठेचे गाव. धनाजी जाधवांची समाधी येथे आहे. या शिक्षकाने बालपणी जत्रेतल्या तंबूत 'संत तुकाराम' पाहिला, नोकरीच्या काळात पुण्यातील एका रसास्वाद शिबिरात 'अमृतमंथन', २००६ साली कोल्हापुरात 'द दा विंची कोड' आणि २०११ साली 'देऊळ'. चित्रपटांच्या इतिहासाचा हा क्रम नव्हे. एका मनात धर्म, सत्ता आणि संशय यांचा हिशेब कसा बदलत गेला, त्याचा हा क्रम आहे.

१९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेली 'प्रभात' १९३३ मध्ये पुण्यास गेली आणि तेथील नव्या स्टुडिओत तिने काढलेला पहिला चित्रपट 'अमृतमंथन' (१९३४). नारायण हरी आपटे यांच्या 'भाग्यश्री' या कादंबरीवर आधारलेल्या आणि व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात राजा पशुबळी व नरबळी बंद करतो, आणि देवीच्या नावाने सत्ता चालवणारा राजगुरू त्याच्या हत्येचा कट रचतो. लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी, की चित्रपटाचा प्रारंभच कटाच्या गुप्त बैठकीने होतो. अंधार, ज्योतीचा प्रकाश आणि पडदा व्यापून टाकणारा राजगुरूचा एकच डोळा. जर्मनीहून नुकत्याच परतलेल्या शांतारामांच्या दृष्टीवर तेथील अभिव्यक्तिवादी चित्रपटांचा संस्कार होता, असे समीक्षक सांगत आले आहेत, आणि ते खरेही आहे. परंतु त्या डोळ्याचे कार्य निव्वळ भीती उत्पन्न करण्याचे नाही. तो प्रेक्षकाला कटवाल्यांच्या पंगतीत आणून बसवतो. येथून पुढे राजवाड्यात जे जे अज्ञान आहे ते पात्रांचे; प्रेक्षकाला सर्व ठाऊक आहे. मराठी आवृत्तीत केशवराव दाते यांनी आणि हिंदीत चंद्रमोहन यांनी उभा केलेला राजगुरू ढोंगी नाही, ही दुसरी महत्त्वाची गोष्ट. त्याची श्रद्धा खरी आहे, आणि अखेरीस तो स्वतःचेच शिर देवीला अर्पण करतो. कटाचे मूळ लबाडीत असते, या सोप्या समजुतीला येथे आधार मिळत नाही. श्रद्धेला सत्तेची जोड मिळाली की खरी श्रद्धाही कट करू शकते, असे हा चित्रपट सुचवतो.

कोल्हापूरच्या मातीतून आलेल्या मंडळींना असा राजगुरू कल्पिण्यास फार दूर जावे लागले नसणार. १८९९ साली पंचगंगेवर कार्तिकस्नानाच्या वेळी शाहू छत्रपतींसाठी पुराणोक्त मंत्र म्हटले जात आहेत, वेदोक्त नव्हेत, ही गोष्ट राजारामशास्त्री भागवतांनी निदर्शनास आणली आणि वेदोक्त प्रकरणाला तोंड फुटले. राजोपाध्यांची इनामे जप्त झाली, महाराष्ट्रभर वाद पेटला, आणि पुढे १९२० मध्ये पाटगावच्या मौनी महाराजांच्या मठावर शाहूंनी क्षात्रजगद्गुरूंची स्थापना केली. या प्रकरणात 'रहस्य' कोणते होते? कोणतेही भूर्जपत्र भिंतीत चिणलेले नव्हते. मंत्र मोठ्याने, उघड्या घाटावर, स्वतः छत्रपतींच्या कानावर पडतील असेच म्हटले जात होते. ज्ञान लपवण्यासाठी तळघर लागले नाही; ते ऐकण्याचा अधिकार कोणाला, एवढे ठरवले की पुरे होते. ज्या समाजात गुह्याचे रक्षण असे भर दिवसा होते, त्या समाजाच्या चित्रपटात कट पहिल्याच दृश्यात दिसावा, हे स्वाभाविक म्हटले पाहिजे.

याच्या तुलनेत 'द दा विंची कोड'ची रचना पाहावी. येशूचा विवाह आणि त्याचा वंश यांविषयीचे सत्य चर्चने शतकानुशतके दडवले, या कल्पनेवर तो उभा आहे. संकेत सुटत जातात, कुलुपे उघडत जातात आणि शेवटी गुपित हाती येते. भारतात तो कथानक काल्पनिक असल्याच्या निवेदनासह प्रदर्शित झाला. आंध्र प्रदेश व तामिळनाडू या राज्यांनी घातलेली बंदी तेथील उच्च न्यायालयांनी उठवली. वडगावच्या शिक्षकाला तो रंजक वाटला, आणि तो इतक्या सहजतेने का रंजक वाटला, याचाच त्याने पुढे अधिक विचार केला. परधर्मातले गुपित नेहमीच करमणुकीचे असते; ते फुटल्याने आपल्या देवघरातले काही हलत नाही. शिवाय अशा कथेत अपराध मूठभरांचा असतो. कोणी बिशप, कोणी पंथ, कोणी धनिक यांनी सत्य दडवले, आणि उरलेले कोट्यवधी भाविक केवळ फसवले गेले. निर्दोषत्वाची ही सर्वसाधारण ग्वाही हे या चित्रप्रकाराच्या लोकप्रियतेचे एक मोठे कारण असावे.

अशी ग्वाही 'संत तुकाराम' (१९३६) देत नाही, असे प्रथमदर्शनी वाटणार नाही. दामले आणि फत्तेलाल यांच्या या चित्रपटात सालोमालो हा उघड खलपुरुष आहे. तो तुकारामांचे अभंग आपल्या नावावर खपवतो, रामेश्वरभटांच्या अधिकाराला चेतवतो, आणि गाथा इंद्रायणीत जाते. कट पुन्हा उघड्यावर आहे. पण अखेरीस विष्णुपंत पागनीसांचे तुकाराम विमानातून वैकुंठास जातात, तेव्हा चित्रपट स्वतःच एक प्रश्न बंद करतो. तंबूतल्या मुलाने ते विमान पाहिले, आणि त्याच्यासाठी त्या क्षणी तो पुरावाच होता. पुढे १९९०च्या दशकात डॉ. आ. ह. साळुंखे यांनी 'विद्रोही तुकाराम'मधून वैकुंठगमनाच्या कथेआड हत्या असल्याची मांडणी केली. ती वाचल्यानंतर तेच विमान त्याला निराळे दिसू लागले. चमत्कार हा एखाद्या कृत्यावर घातलेला पडदा असू शकतो, ही शक्यता एकदा मनात आली की ती परत जात नाही. मराठीतले धार्मिक रहस्याचे सर्वांत मोठे कथानक हे, आणि त्याची संहिता प्रत्येक वारकऱ्याला तोंडपाठ आहे. फाल्गुन वद्य द्वितीयेला देहूत जो सोहळा भरतो, तोच एका वाचनात मोक्षाचा आणि दुसऱ्या वाचनात मौनाचा ठरतो.

याच चित्रपटाने आणखी एक गुंता निर्माण केला. शांताराम आठवले यांनी त्यासाठी रचलेले एक पद लोकांनी तुकारामांचाच अभंग म्हणून स्वीकारले. अभंगचोराच्या कथेत नव्या कवीची रचना जुन्या संताच्या नावावर जमा झाली, आणि त्यात कोणाचाही कट नव्हता. परंपरा बनते ती अशा निरागस विस्मरणांनीही. प्रत्येक बदलामागे हात शोधणारी दृष्टी ही गोष्ट पाहू शकत नाही, ही तिची मर्यादा होय.

उमेश कुलकर्णी यांच्या 'देऊळ'मध्ये ही जाणीव टोकाला जाते. गायीला शोधत माळावर गेलेल्या केश्याला उंबराखाली दत्ताचे दर्शन होते, आणि पाहता पाहता गावात देवस्थान उभे राहते. राजकारणी, दुकानदार, पत्रकार, भाविक, सारेच त्यात आहेत. येथे गुप्त बैठक नाही, कारण तिची गरजच नाही. काय चालले आहे ते सर्वांना कळते आणि प्रत्येकाच्या वाट्याला काही ना काही येते. कटाच्या जागी संगनमत आले, आणि संगनमताला राजगुरू लागत नाही. बाजारपेठेच्या गावात राहणाऱ्या प्रेक्षकाला हा चित्रपट हसवतो, पण त्या हसण्यात 'द दा विंची कोड'ने दिलेली मोकळीक नसते.

हा विचार केवळ सौंदर्यशास्त्राचा राहू शकला असता. परंतु २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांची हत्या झाली, आणि १६ फेब्रुवारी २०१५ रोजी कोल्हापुरात सकाळी फिरून परतणाऱ्या गोविंद पानसऱ्यांवर गोळ्या झाडण्यात आल्या. चार दिवसांनी त्यांचे निधन झाले. धर्माच्या नावाने उभ्या असलेल्या अधिकाराला प्रश्न विचारणारी ही माणसे होती. दाभोलकर खटल्याचा निकाल मे २०२४ मध्ये लागला: दोघांना जन्मठेप, तिघांची निर्दोष मुक्तता. चित्रपटात शेवटच्या रिळात सूत्रधार प्रकाशात येतो आणि प्रेक्षक हलक्या मनाने घरी जातो. न्यायालयात पुराव्याची भाषा निराळी असते, आणि तसेच असले पाहिजे. सूत्रधाराविषयीची प्रेक्षकाची खात्री तेथे पुरावा ठरत नाही. या फरकाची जाणीव ज्याला उरली नाही, त्याच्या हाती संशय हेही नव्या अंधश्रद्धेचे साधन होते. ज्याला संशयच नको, तो राजगुरूच्या डोळ्यासमोर नुसता बसून राहतो.

या दोहोंच्या मधली जागा मराठी चित्रपटाने एकदा दाखवली होती. 'संत तुकाराम'मध्ये विमान निघते तेव्हा तुकाराम जिजाईला बरोबर बोलावतात, आणि ती संसार टाकून जात नाही. वडगावचा शिक्षक आता हा चित्रपट आपल्या नातवंडांना दाखवतो, तेव्हा विमान खरे की खोटे हा वाद तो त्यांच्यावर सोपवतो आणि जिजाईकडे बोट दाखवतो. तिने चमत्कार नाकारला नाही आणि कटाचा शोधही घेतला नाही. जे डोळ्यांसमोर घडले ते तिने पाहिले, आणि मुलांसाठी ती मागे राहिली. गौरी यांनी उभ्या केलेल्या या बाईला साक्षीदार म्हणजे काय, ते कोणी सांगावे लागत नाही.